धुवारी लांबली ते वर्ष

उमेशच्या जगात सगळं होतं, फक्त तारीख नव्हती.

त्या जगाचं नाव झाकोळ. जव्हारच्या एका कनिष्ठ महाविद्यालयात भूगोल शिकवता शिकवता, म्हणजे बव्हंशी हजेरी घेता घेता, उमेशने ते हळूहळू वसवलं होतं. झाकोळमध्ये नद्या होत्या. उमेश शेवटी भूगोलाचा माणूस, त्यामुळे त्या उताराकडेच वाहत, पण मनात आलं की वाटेत बसून घेत. डोंगर एकमेकांशी बोलत, तेही कामापुरतं. राजा होता, पण त्याला उद्घाटनाला कुणी बोलवत नसे, म्हणून तो जरा उदास असे. या सगळ्यावर एक जाडजूड कादंबरी लिहायची होती. लिहायला बसलं की ती पहिल्या दोन शब्दांवर अडायची. ‘त्या दिवशी’. कुठल्या दिवशी?

त्याची बायको निशा एका सरकारी कार्यालयात आवक-जावक सांभाळायची. तिला यात अडण्यासारखं काही दिसत नसे.

“सोमवारी म्हणा ना. सोमवारला कुणाची हरकत नसते.”

“झाकोळमध्ये सोमवार नाही, निशा.”

“मग तिथली ऑफिसं कधी उघडतात?”

“ऑफिसंच नाहीत.”

“अहो, मग बदलीचं बघा ना तिकडे,” निशा म्हणाली आणि डबा भरायला लागली.

गेल्या पावसाळ्यात उमेशला ते सुचलं. झाकोळच्या महिन्याला मोजून दिवस द्यायचेच नाहीत. महिन्याला एक काम द्यायचं. ते झालं की महिना संपला. भात झोडून, वारं देऊन कणगीत पडलं की उफण महिना संपतो. मग धुवारी लागते, धुक्याची. सकाळी उंबऱ्यात उभं राहिल्यावर समोरचा डोंगर अख्खा दिसला की धुवारी संपली. काम लवकर उरकलं तर महिना आखूड, रेंगाळलं तर लांब, आणि याबद्दल कुणी कुणाला नोटीस काढत नाही. मात्र डोंगर पहिल्यांदा अख्खा दिसतो तो दिवस कुठल्याच महिन्याचा नाही. त्याचं नाव सांधा. सांध्याच्या दिवशी माणूस जिथून निघाला होता तिथे परत येऊ शकतो, आणि मधे गेलेला काळ धरला जात नाही.

हे शेवटचं वाक्य लिहून उमेश बराच वेळ खिडकीबाहेर बघत बसला. खिडकीबाहेर एसटी डेपोची भिंत होती. त्या भिंतीच्याही मनात काहीतरी आहे असं त्याला त्या दिवशी वाटलं.

हे कॅलेंडर टेबलासमोर टांगायला मिळालं तर कादंबरी सुरू होईल, अशी त्याने स्वतःची समजूत घातली. महिन्यांच्या पट्ट्या काढल्या, प्रत्येकात आकड्याविना चौकोन काढले, खाली महिना कधी संपतो ते लिहिलं, सांध्याचा चौकोन लाल रंगवला, त्याखाली त्याचा नियम लिहिला, आणि तो वामनच्या छापखान्यात गेला.

“एक कॉपी?” वामनने चष्मा वर केला. “सर, एका कॉपीला आमची मशीन डोळेसुद्धा उघडत नाही. खोडाळ्याच्या खत-बियाणंवाल्याची कॅलेंडरं लावायचीत दिवाळीआधी. त्यात तुमची एक काढून देतो.”

वामन शब्दाला जागला. फक्त झालं ते उलट. उमेशच्या हातात तारखा, वार, तिथी, एकादश्या असलेलं एक खणखणीत कॅलेंडर आलं. बाकी सगळ्या गठ्ठ्यावर, वर दुकानाचं नाव, खाली बैलजोडी आणि त्याखाली झाकोळ. संकोच नको म्हणून वामनने तळाला बारीक अक्षरात उमेशचं नाव आणि मोबाईल नंबरही टाकला होता.

“वामनराव, अहो, वाचलं नाहीत का?”

“कॅलेंडर कोण वाचतं, सर? बैल सरळ आलेत ना बघितलं. आलेत की नाही सरळ?”

बैल सरळ आले होते. दुकानदारानेही तेवढंच बघितलं आणि बाजाराच्या दिवशी गठ्ठे वाटून टाकले. खोडाळ्यापासून वांगणीपर्यंत पाड्यापाड्यांवरच्या कुडाच्या भिंतींवर झाकोळ चढलं. उमेश काही दिवस मफलर तोंडावर घेऊन फिरला. पण तक्रार आली नाही. गावात बाजाराचा वार सगळ्यांना ठाऊक असतो, तारीख लागलीच तर मोबाईलमध्ये असते, आणि कॅलेंडर असतं ते भिंतीसाठी. एका कार्यालयातही ते लागलं. तिथल्या कामकाजात काहीही फरक पडला नाही.

मग फोन यायला लागले.

“सर, तुमच्या उफणमदी पोरीचं बारसं चालंल का?”

“चालेल,” उमेश म्हणाला. नाही म्हणायला काही कारण नव्हतं.

“आन् बोकड?”

“बोकडाबद्दल काही सांगितलेलं नाही.”

“बरं झालं. नायतर सगळेच बोकडाबद्दल सांगतात.”

एका साहेबांनी यातल्या स्थानिक सुट्ट्या कोणत्या, अशी विचारणा केली. उमेशने सांधा म्हणून सांगितलं. साहेबांनी ‘बरं’ म्हटलं आणि लिहून घेतल्यासारखा आवाज केला.

आधी उमेश घाबरत उत्तरं द्यायचा. मग घाबरणं कमी झालं. मग एका सकाळी चहाच्या टपरीवर, पठारावर दुधासारखं धुकं चढलेलं, समोरची एसटी नुसती पिवळ्या दिव्यांची दिसत असताना, कुणीतरी हात चोळत सहज म्हणालं, “धुवारी लागली रे.” कुणी हसलं नाही. कुणी वळूनही बघितलं नाही. उमेशचा चहा हातातच निवला. आपण इतकी वर्षं जिथे राहतोय तिथेच आलोय, पण दुसऱ्या रस्त्याने, असं काहीतरी त्याला झालं.

“तुम्ही अख्ख्या तालुक्याला खोटं सांगताय,” निशा म्हणाली.

“खोटं नाही ते. फक्त इथलं नाही.”

“हे वाक्य आमच्या ऑफिसात चाललं असतं,” निशा म्हणाली.

थंडी सरायला आली तशी एका रविवारी सकाळी पुष्पा दारात आली. पुष्पा वांगणीची. दोन वर्षांपूर्वी त्याच्या वर्गात होती. हातात तेच कॅलेंडर, गुंडाळी करून.

“सर, हा तुमीच केलाय ना?”

“हो. म्हणजे, झाला.”

“मंग सांधा जरा पुढं ढकला.”

उमेशने तिला बसायला सांगितलं. निशा आतून चहा घेऊन आली आणि ऐकायला तिथेच थांबली.

शेजारच्या पाड्यावरचा नितीन आणि पुष्पा यांचं ठरलं होतं. नितीन दिवाळी झाली की जगायला जायचा. त्या भागात माणूस कामासाठी गाव सोडतो त्याला जगायला जाणं म्हणतात. ते ऐकायला कसं वाटतं याचा विचार करायला कुणाला सवड नसते. तो जायचा वसईकडे, वीटभट्टीवर. गेल्या वर्षी होळीला येतो म्हणाला आणि आला तेव्हा पावसाने चिखल झाला होता. म्हणून या खेपेला पुष्पाचा बाप मंगळू त्याला म्हणाला, तोंडानं सांगू नको, भिंतीवर बोट ठेव. नितीनने भिंतीकडे बघितलं. सगळ्या चौकोनांत एकच लाल. लाल म्हणजे सुट्टी, हे शाळेत पक्कं झालेलं. सुट्टी असली तर शेठही सोडेल. त्याने लालावर बोट ठेवलं, दोन्ही घरच्या माणसांनी बघितलं, आणि मंगळू म्हणाला, ह्या दिवशी आला तर जावई, नाय आला तर विषय बंद. पोरीला मी द्राक्षाच्या कामाला नाशिककडे नेणार आणि तिकडंच बघणार.

“मग नितीनला फोन कर,” उमेश म्हणाला.

“केला ना. टेकडावर चढून केला, खाली कुठं रेंज. त्याच्या झोपडीत पण हाच लावलाय, बैलवाला. तो म्हणतो, अजून कुठं धुवारी संपली? त्याच्या दारातनं नुसता धूर. समोरची भट्टी पण दिसत नाय. धूर सुटला, समोरची दिसली, की सांधा. मंग शेठ पण आडवत नाय.”

“आणि तो धूर कधी सुटणार?”

“भट्ट्या विझल्या की. पावसाच्या तोंडावर.”

“आणि तुमच्याकडे?”

पुष्पाने कपातला चहा हलवला. “काल डोंगराचं टोक दिसलं. बा उंबऱ्यातच बसतो आता. चहा पण तिठंच मागतो.”

मग पुष्पा म्हणाली, “तुमीच केलाय, सर. जरा ओढला तर काय फाटणार हाय?”

ती गेल्यावर निशा कप उचलत म्हणाली, “जा आणि सांगून टाका त्या माणसाला. कादंबरी आहे म्हणावं. अजून लिहिलेलीसुद्धा नाही म्हणावं.”

दुसऱ्या दिवशी उमेश सकाळच्या एसटीने निघाला. धुकं काचेला तोंड लावून बसलं होतं. वळण आलं की गाडी त्यात शिरायची, वळण संपलं की गाडी पुन्हा त्यातच असायची. मधेच एखादा माणूस डोक्यावर मोळी घेऊन जमिनीला न टेकता चाललेला दिसे. उतरून तो पायवाटेला लागला आणि तेव्हा त्याच्या लक्षात आलं की आपण सांगायला निघालोय ते सांगण्यासारखं नाही. कॅलेंडर खरं म्हणावं, तर आज-उद्या डोंगर दिसेल, नितीन नसेल, विषय बंद. खोटं म्हणावं, तर नितीनने बोट ठेवलेला दिवसच नाही. मग शब्दही नाही. विषय बंद. झाकोळच्या राजाला असं काही झालं की तो नदीला विचारायचा. इथली नदी माघातच आटली होती.

मंगळू उंबऱ्यात बसला होता. घोंगडी, चहा, विडी, सगळं हाताशी.

“या मास्तर. बसा. ह्या अंगाला बसा, डोंगर झाकू नका.”

उमेश सरकून बसला. समोर दरी, दरीत धुकं, आणि त्यावर डोंगराचा माथा, कापसात ठेवलेल्या सुपारीएवढा.

“मंगळूबाबा, ते कॅलेंडर… ते मी आपलं मनानं केलंय.”

“आन् बाकीचे कोणी केले?”

“बाकीचे म्हणजे?”

“आकडेवाले. ते पण कोणीतरी मनानंच केले असतील. आमाला कोण इचाराया आलेलं?” मंगळूने विडी झटकली. “हा बरा हाय. बाहेर बघितला की कळतो.”

“पण समजा, दिवसच खोटा निघाला तर?”

“तर पोऱ्याचा शब्द पण खोटा. मंग बसायचं कशाला?”

म्हणजे बरोबर तेच. घरातून भाकरी थापल्याचा आवाज येत होता. मंगळूची बायको हिराबाई आत होती. मंगळूने आवाज खाली आणला.

“मला त्या पोऱ्याचा राग नाय, मास्तर. मी पण लई साल भट्टीवर गेलो. येतो म्हणायचो, आन् मुकादम थांबवायचा. ती इठंच उभी राहायची, ह्याच उंबऱ्यात. एक साल तर धाकला पोर वारला तवा पण मी नव्हतो. ती काय बोलली नाय. पण आजून कोणी ‘येतो’ म्हणला ना, तर ती आत जाते. माझी पोर दारात उभी राहून म्हातारी व्हायला नको. एक दिवस. त्या दिवशी आला तर आला.”

ऊन वर आलं. धुकं पातळ झालं. डोंगराचा माथा सुपारीचा नारळ झाला, मग खांदा दिसला, मग खांद्यावरचं एकटं झाड. मंगळूने विडी विझवली आणि तो उठून उभा राहिला. उमेशने आयुष्यात इतक्या बारकाईने कुठलाही डोंगर बघितला नव्हता, आणि त्याचा त्यावर पगार चालू होता.

तेवढ्यात खालच्या खाचरातून धूर आला.

आधी एक पांढरी बट, मग जाड, ओला, आळशी धूर. वारा नव्हता. तो वर न जाता दरीवर पसरला, धुकं जिथे विरलं होतं तिथे नेमका जाऊन बसला, आणि डोंगराला खालून वर गिळत गेला. खांदा गेला. झाड गेलं. खाचरात पुष्पा काठीने पाला सारखा करत होती. भाताची रोपं टाकायच्या जागी शेण, फांद्या, पाला, वर माती असे थर रचून भाजतात, तो राब तिने पेटवला होता. पण राब भाजायचे दिवस अजून लांब होते.

“अगं ए! एवढ्यात राब?” मंगळू ओरडला.

“भाजायचाच हाय ना!” खालून आवाज आला. “दर साली तुमीच बोंबलता उशीर झाला म्हणून!”

मंगळूने धुराकडे बघितलं. मग पोरीकडे. मग सावकाश उमेशकडे वळला.

“मास्तर, हे धुकं नाय. हा धूर हाय.”

“दिसतंय.”

“चालतो का?”

धुकं आणि धूर यांतला फरक उमेश वर्षानुवर्षं शिकवत आला होता. पुष्पाने एकदा परीक्षेत लिहिलं होतं, डोंगराने चूल पेटवली की धुकं येतं. त्याने त्यावर लाल रेघ मारून शून्य दिलं होतं, आणि समासात ‘चूक’ असंही लिहिलं होतं, रेघ पुरेशी नव्हती म्हणून.

“चालतो,” उमेश म्हणाला.

“नियमात बसतो?”

“नियम एवढाच आहे की डोंगर दिसायला नको. का दिसत नाही, ते विचारलेलं नाही.”

मंगळू पुन्हा उंबऱ्यात बसला. मग तो आत वळून म्हणाला, “हिराबाय, भाकर वाढ. धुवारी हाय आजून.” आतला थापण्याचा आवाज थांबला होता, तो पुन्हा सुरू झाला.

त्या वर्षी वांगणीत धुवारी लांबली. पुष्पाचा राब संपला तेव्हा शेजारच्या सकूने आपला पेटवला. सकू म्हणाली, आमचा पण भाजायचाच हाय. मग तिच्या पलीकडच्यांनी. कुणी ठरवलं नाही, पण रोज सकाळी कुणाच्या तरी खाचरातून धूर निघायचा आणि दरीवर जाऊन आडवा व्हायचा. पाला कमी पडला तर डोंगरातून आणला गेला. एकदा तर मंगळूच शेणाची पाटी डोक्यावर घेऊन खाली उतरताना दिसला, कुरकुरत, की ह्या पोरींना राब लावता येत नाय, धूर सगळा वाऱ्यावर जातोय.

जव्हारला ऊन तापलं. कॉलेजच्या परीक्षा झाल्या. सगळ्यांच्या मोबाईलमध्ये जे महिने यायचे ते आले आणि गेले. निशा संध्याकाळी दार उघडताना विचारायची, “धुवारी कशी आहे?” आधी ती चिडवायला विचारायची. नंतर कधीतरी नुसतं विचारायला लागली. उमेश ‘आहे’ म्हणायचा, आणि दोघं गच्चीवर जाऊन त्या दिशेला बघायची. क्षितिजावर एक करडी रेघ असायची. ती धुराची होती की नुसतीच होती, ते इतक्या लांबून सांगता येत नसे.

करवंदं काळी व्हायला लागली तेव्हा पुष्पाचा फोन आला. टेकडावरचा वारा त्यात घरघरत होता.

“सर, राब संपले. सगळ्यांचे. उद्याला जाळायला काय नाय.”

“नितीन काय म्हणतो?”

“त्याची भट्टी विझली. पण समोरची आजून धुपते म्हणतो. दिसत नाय म्हणतो.” वारा घरघरला. “आता काय ओढायचं, सर?”

झाकोळमध्ये अशा वेळी डोंगर बोलत असत. इथे नुसता उमेश होता, आणि तो भूगोलाचा होता.

“मी येतो,” तो म्हणाला.

“मी पण येते,” निशा म्हणाली. तिने रजेच्या अर्जावर कारण म्हणून ‘सांधा’ लिहिलं. रजा मंजूर झाली.

ती दोघं पोचली तेव्हा डोंगर अख्खा उभा होता. पायथ्यापासून माथ्यापर्यंत, झाडन् झाड, इतका जवळ की हाक मारली तर वळून बघेल. खाचरं काळी, भाजलेली, गार पडलेली. मंगळू उंबऱ्यात होता. पुष्पा अंगणाच्या कडेला करवंदं निवडत होती. निवडून झालेली पुन्हा निवडत होती.

“दिसला,” मंगळू म्हणाला.

“दिसला,” उमेश म्हणाला. “पण सांधा म्हणजे अख्खा दिवस. तो अजून संपला नाही.”

“म्हाईत हाय,” मंगळू म्हणाला. “म्हणून तर बसलोय.”

दिवस कोणाचाच नसल्यासारखा गेला. कोंबड्या सावलीत झोपल्या. निशाने हिराबाईला लसूण सोलून दिला. पाड्यावरची माणसं काही ना काही काम काढून अंगणावरून जात, पायवाटेकडे बघत, आणि काम विसरून परत जात. सावली उंबऱ्यावरून आत गेली. डोंगर तांबूस झाला. पुष्पाने करवंदं बाजूला ठेवली आणि ती उभी राहिली नाही; बसूनच राहिली, पाय पोटाशी घेऊन.

मग पायवाटेच्या वळणावर एक माणूस लाल दिसला. संध्याकाळच्या उन्हाने म्हणावा, तर जवळ आल्यावरही लालच. केसांत, भुवयांत, शर्टाच्या घड्यांत विटेचा भुगा. नितीन अंगणात येऊन थांबला. खांद्यावरची पिशवी काढायचीही त्याला आठवण राहिली नाही.

“सकाळी उठलो,” तो मंगळूला म्हणाला, “तर समोरची भट्टी दिसली. अंघोळ पण नाय केली.”

हिराबाई आतून दारापर्यंत आली होती. ती परत आत गेली नाही.

“मास्तर,” मंगळू नितीनवरची नजर न काढता म्हणाला, “हा किती दिवस उशिरा आला?”

“मधला काळ धरत नाहीत,” उमेश म्हणाला.

मंगळूने मान हलवली, आपल्यालाही तेच वाटत होतं अशी. मग तो गुडघ्यावर हात देऊन बाजूला सरकला आणि उंबऱ्यात जागा केली.

“बस,” तो नितीनला म्हणाला. “ह्या अंगाला बस. डोंगर झाकू नको.”